म्हसोबाचा नेम

आमच्या मळ्यातून रस्ता जाणार हे कळलं तेव्हा माझ्या सासऱ्यांनी, कारभारी आबांनी, पहिला प्रश्न विचारला तो म्हसोबाचा. "त्याला कुठं नेणार?" मोजणीला आलेल्या माणसाने हातातली यादी दाखवली. घर एक, विहीर एक, बोअर दोन, गोठा एक, सीताफळाची झाडं अकरा, धार्मिक स्थळ एक. बांधावरचा शेंदूर फासलेला दगड सरकारी कागदावर धार्मिक स्थळ झालेला पाहून आबा जरा निवळले. त्याच यादीत खाली आणखी एक ओळ होती. ती आबांनी वाचली नाही, मी वाचली. 'तात्पुरता निवारा एक. हंगामी मजूर. पुनर्वसनास अपात्र.'

तो तात्पुरता निवारा म्हणजे भागीबाईचा झाप. भागीबाईला आमच्या मळ्यात राहायला येऊन एकोणीस वर्षं झाली होती.

मी साधना. माहेर चांदवडचं, इथे सून होऊन आले त्याला तीस वर्षं झाली. तोंड फटकळ आहे असं सासूबाई शेवटपर्यंत सांगत राहिल्या आणि त्यात खोटं काही नव्हतं. ही गोष्ट मी सांगतेय, कारण यात जे वाईट झालं त्यातलं निम्मं माझ्या तोंडून झालं. उरलेलं निम्मं आबांचं. कारभारी आबांना आता ब्याऐंशीवं चालू आहे. त्यांच्याबद्दल मी हे लिहिलेलं त्यांना आवडणार नाही, पण वर्तमानपत्रातल्या बाजारभावाशिवाय ते काही वाचत नाहीत.

मळा मखमलाबादच्या पुढे, साडेतीन एकर. झेंडू, शेवंती, अधेमधे मेथी-कोथिंबीर. पहाटे तोडलेला माल उजाडायच्या आत नाशकात पोचतो, एवढंच त्या जमिनीचं मोठेपण. बारा वर्षांनी सिंहस्थ येतो आणि येताना रस्ते मागतो. मागच्या खेपेला शेजारच्यांचं गेलं, या खेपेला आमची पाळी. आधी रडारड झाली, मग मोर्चा झाला, मोर्च्यानंतर भजी झाली, आणि शेवटी जो तो आपापल्या कागदांच्या मागे लागला. आमचे कागद जागच्या जागी होते. सातबारा होता, घरपट्टीच्या पावत्या होत्या, लाइट बिलं होती. नवऱ्याने, म्हणजे महेशने, ती सगळी प्लास्टिकच्या फायलीत लावून ठेवली होती.

भागीबाईकडे काय होतं? आधार कार्ड पेठ तालुक्यातल्या तिच्या पाड्याचं. रेशन कार्ड तिकडचं, मतदान तिकडचं. मुलगी निकिता आमच्याच गावच्या शाळेत आठवीत, पण शाळेने पत्ता घेतला तो आधार कार्डावरून, म्हणजे तोही पाड्याचाच. होळीला आणि मतदानाला भागीबाई चार-चार दिवस गावी जायची, बाकी सारं वर्ष आमच्यात. सरकारी भाषेत मात्र ती आमच्याकडे कधी आलीच नव्हती.

रस्त्यासाठी जमीन घेताना सरकारने एक गोष्ट बरी केली होती. ज्यांची जमीन नाही पण जे त्या जमिनीवर सलग तीन वर्षं राहून तिथेच पोट भरतात, त्यांनाही पुनर्वसनाच्या वसाहतीत छोटा प्लॉट, त्यावर एक खोली आणि सामान हलवायला मदत मिळणार होती. खोलीला नळ आणि संडास. भागीबाईला हे कळलं तेव्हा तिने मला तीनदा विचारलं, "खोली पक्की असंल ना वहिनी? उचलावी नाय लागणार ना?" अपात्र ठरली तर दिवाळीनंतर जेसीबी येईल त्या दिवशी तिने आपलं चंबूगबाळं उचलायचं आणि पाड्यावर जायचं. पाड्यावर तिचं काही नव्हतं. सासरच्यांनी सोमाच्या माघारी घरातही घेतलं नव्हतं.

सोमा तिचा नवरा. दोघं फुलं तोडायला म्हणून आले आणि राहिले. चार वर्षांपूर्वी तो कावीळ होऊन गेला. आले त्या वर्षी आबांनी त्यांना विहिरीजवळचा कोपरा दिला होता. बांबूचा सांगाडा, कुडाच्या भिंती, वर ताडपत्री, असा झाप दोघांनी दोन दिवसांत उभा केला. भागीबाईने आतली जमीन सारवली, तीन दगडांची चूल मांडली, दाराशी दोडक्याचा वेल चढवला. वर्ष सरलं, आखाजी म्हणजे अक्षय्यतृतीया आली आणि आबा म्हणाले, "झाप मोडा. तिकडं सीताफळीजवळ बांधा."

आबांचं कारण होतं. दुसऱ्याची जमीन कसणाऱ्या कुळांना कायद्याने जमिनी मिळाल्या तेव्हा आबा चौदा वर्षांचे होते. त्यांच्या चुलत्याचे चार एकर त्यात गेले. चुलता पुढे आयुष्यभर त्या बांधाकडे तोंड करून जेवला नाही, असं आबा सांगतात. तेव्हापासून आबांच्या डोक्यात एक हिशेब बसला. माणूस एका जागी टिकला की हक्क उगवतो. म्हणून त्याला टिकू द्यायचं नाही. मजुरी देतोय तर कूळ कसलं, असं वकिलाने एकदा समजावून सांगितलं होतं. पण दुधाने तोंड पोळलेला माणूस ताकही फुंकून पितो, तिथे वकिलाचं काय चालणार?

तर पहिल्या आखाजीला झाप हलला. दुसऱ्या आखाजीला आबांनी पुन्हा सांगितलं तेव्हा भागीबाई रडवेली होऊन माझ्याकडे आली. "वहिनी, आमचं काय चुकलं का? आबा सारखं उठवत्यात." तिचा दोडका ऐन बहरात होता. मला तिची कीव आली, आणि सासऱ्याच्या तोंडावर बोलायची छातीही नव्हती. मग माझी जीभ मधल्यामध्ये घसरली. मी म्हटलं, "अगं, चुकलं काही नाही. हे म्हसोबाचं शिवार. इथे परक्याची चूल एका जागी वर्षावर पेटलेली त्याला चालत नाही. पिकाला बाधतं, माणसालाही बाधतं."

तिने तिथल्या तिथे म्हसोबाच्या दिशेने हात जोडले. परत कधी विचारलं नाही. मला तर वाटलं, काय झकास काम केलं आपण. आबा खूश, भागीबाई खूश, घरात भांडण नाही.

पुढल्या आखाजीला आबांनी सांगायच्या आतच तिने झाप मोडायला घेतला होता. मोडण्याआधी जुन्या चुलीला हळदकुंकू वाहिलं, नारळ फोडला, म्हसोबाला वाहिला आणि चुलीचे तिन्ही दगड पदरात बांधून नव्या जागी नेले. हे सगळं तिचं तिने ठरवलं होतं, मी काही शिकवलं नव्हतं. नंतर नंतर ती जागाही आधीच हेरून ठेवायची. खोटं एकदा बोललं की त्याला पाय फुटतात म्हणतात, माझ्या खोट्याला तर नैवेद्य सुरू झाला. दोन-तीन वर्षांनी शेजारच्या मळ्यातली अक्काबाई मला बांधावरून विचारायला लागली, "साधना, आमच्या म्हसोबाला पण लागतं का गं असं? आमच्या गड्याचा झाप पाच वर्षं एकाच जागी हाय. औंदा टमाटं गेलं, त्यामुळंच असंल का?" मी हसू दाबत म्हटलं, "ज्याचा त्याचा म्हसोबा वेगळा असतो काकू." घरी येऊन महेशला सांगितलं तर तो पोट धरून हसला. मीही हसले.

यादी लागली आणि आठ दिवसांनी योगिनी आली. पुनर्वसनाच्या कामासाठी घरोघर माहिती गोळा करायला नेमलेली मुलगी, असेल सत्तावीस-अठ्ठावीसची. स्कूटीवर यायची, पाठीवर सॅक, हातात टॅब. भागीबाईचं नाव अपात्रांत गेलं याचं तिला वाईट वाटत होतं.

"मॅडम, हे बघा," तिने टॅबवर मला वरून काढलेले फोटो दाखवले. आमचा मळा वरून एवढासा दिसत होता. "हा यंदाचा. झाप इथे आहे. हा गेल्या वर्षीचा. त्या जागी कोथिंबीर आहे. झाप इकडे, गोठ्यामागे. त्याच्या आदल्या वर्षी तिसरीकडेच. कार्यालयात म्हणतात, दरवर्षी वेगळा मजूर येतो आणि आपला निवारा करतो. भागीबाईंना विचारलं तर त्या म्हणतात, म्हसोबा हलवतो. आता फॉर्मवर मी कारण काय लिहू? म्हसोबा?"

मी चहाचं आधण ठेवायला उठले, कारण मला तिच्याकडे बघवत नव्हतं.

"तुम्ही लिहून दिलंत तर काम होईल," ती मागून म्हणाली. "जमीनमालकाचा जबाब. ही बाई याच गटात तीन वर्षांहून जास्त राहते, एवढंच. हरकतींची सुनावणी बावीस तारखेला प्रांत कार्यालयात आहे."

"घरात विचारून सांगते," मी म्हटलं. तीस वर्षांत हे वाक्य मी इतक्या वेळा म्हटलंय की ते आपोआप बाहेर पडतं.

घरात विचारलं. महेश जेवत होता. त्याने घास ताटात ठेवला. "तुला कळतं का काय बोलतेस ते? एकोणीस वर्षं राहते असं आपण आपल्या सहीने लिहून द्यायचं? उद्या कोणी तिचे कान भरले, तिने कूळ म्हणून अर्ज ठोकला, की आपला सगळा मोबदला कोर्टात अडकला. दहा वर्षं बस मग बोंबलत."

"ती अर्ज करणारी बाई आहे का?"

"ती नाही. तिच्या मागून येणारे करतील." मग त्याचा आवाज खाली आला. महेश वाईट माणूस नाही, हे मी बायको म्हणून सांगत नाही, शेजारीही सांगतील. "हे बघ, मोबदला हातात आला की तिला आपण आपल्या परीने देऊ ना काहीतरी. निकिताच्या लग्नाला देऊ. पण कागदावर नको."

आबा ओसरीवरून म्हणाले, "ती हंगामीच हाय. एका जागी कधी राहिली ती?" आणि त्यांच्या दृष्टीने विषय संपला.

मी योगिनीला फोन केला नाही. तिचे दोन आले, ते घेतले नाहीत. बावीस तारखेपर्यंत भागीबाई रोज फुलं तोडायला येत होती आणि रोज विचारत होती, "वहिनी, तुम्ही येताल ना तिथं? मला ते साहेबांचं बोलणं कळत नाय." मी म्हणायचे, येईन. येणार तर होतेच. तिघांनीही जायचं असं महेशने ठरवलं होतं, कारण सातबाऱ्यावर आबांचं आणि त्याचं नाव होतं आणि राहत्या घराच्या कागदांवर माझं. आपल्याला कोणी विचारलंच नाही तर बरं, एवढाच माझा विचार. विचारलं तर काय, याचा विचार मी शेतात, स्वयंपाकात, सगळीकडे टाळत होते.

प्रांत कार्यालयाच्या वरच्या मजल्यावर सुनावणी होती. खोलीत दोन पंखे, एक चालू. मधल्या टेबलामागे प्रांतसाहेब, चाळिशीचे, चष्मा कपाळावर चढवून बसलेले. त्यांच्या उजव्या हाताला टंकलेखन करणारा कारकून, डावीकडे योगिनी टॅब घेऊन. भागीबाई लग्नाला नेसतात तसलं हिरवं लुगडं नेसून आली होती. आम्ही खुर्च्यांवर बसलो, ती भिंतीला टेकून उभी राहिली. योगिनीने तिला खुर्ची दिली तेव्हा तिने आबांकडे पाहिलं आणि बसली नाही.

प्रकरण निघालं. योगिनीने सांगायचं ते सांगितलं, फोटो दाखवले. साहेबांनी महेशला विचारलं, "तुमचं म्हणणं?"

महेशने पाठ केलेलं म्हटलं. "साहेब, फुलांच्या हंगामात आम्ही मजूर आणतो. कधी कोण, कधी कोण. त्यांना झाप करायला जागा देतो. हंगाम संपला की ते जातात. फोटोत जागा वेगवेगळ्या दिसतात त्या त्यामुळेच."

"ही बाई कायम नव्हती?"

"येऊन जाऊन होती."

साहेब भागीबाईकडे वळले. "बाई, तुम्ही सांगा. किती वर्षं राहता?"

"एकोणीस झाली. आखाजीला इस होतील."

"मग तुमचा झाप दरवर्षी वेगळ्या जागी कसा?"

"तो म्हसोबाचा नेम हाय साहेब," ती म्हणाली. अगदी शांतपणे, शाळेत मुलं पाढा म्हणतात तसं. "त्याच्या शिवारात परक्याची चूल वर्षावर एका जागी चालत नाय. पिकाला बाधतं. म्हणून आखाजीला मी उठते अन् दुसरीकडं मांडते. एक साल चुकवलं नाय."

कारकुनाची बोटं थांबली. साहेबांनी चष्मा डोळ्यांवर घेतला आणि तोंडावर हसू येऊ न देता आबांना विचारलं, "काय आजोबा, तुमच्याकडे अशी प्रथा आहे?"

मी मनात म्हटलं, आबा, हो म्हणा. देवाच्या नावाने हो म्हणा आणि गप्प बसा. कारण मी त्यांना ओळखते. आपल्या अकलेचं श्रेय दुसऱ्याला गेलेलं त्यांना देवाच्या बाबतीतही खपत नाही.

"म्हसोबाचा काय संबंध?" आबा म्हणाले. कानाने कमी ऐकतात म्हणून बोलतात मोठ्याने, सगळ्या खोलीला ऐकू गेलं. "म्हसोबा कशाला हलवतोय? मी हलवतो."

"आबा," महेश म्हणाला.

"थांब तू. साहेबांना कळू दे. साहेब, माझ्या चुलत्याचे चार एकर कुळाने खाल्ले. का, तर त्याने माणूस एका जागी बसू दिला. मी ती चूक केली नाय. हिला आखाजीच्या आखाजीला उठवलं. एका जागी वर्षावर राहू दिलं नाय. विहिरीजवळ, सीताफळीजवळ, बांधावर, गोठ्यामागं, सगळीकडून फिरवून आणली. एकोणीस वर्षांत एक खाडा नाय. आता सांगा, हिचा हक्क कुठून येतोय?"

साहेबांनी सावकाश विचारलं, "म्हणजे आजोबा, एकोणीस वर्षं ही बाई तुमच्याच गटात आहे?"

"गटातच. जाईल कुठं? पण एका जागी नाय ना."

"जागा आम्ही बघत नाही. गट नंबर बघतो," साहेब म्हणाले आणि कारकुनाला खूण केली. बोटं पुन्हा चालू झाली.

महेशचा चेहरा पडला होता. तो उठून म्हणाला, "साहेब, वडिलांचं वय झालंय. विसरतात. काल काय जेवले ते सांगता येत नाही त्यांना."

"मला येतं," आबा म्हणाले. "काल मुगाची खिचडी."

साहेबांनी त्या दोघांकडे बघितलं, मग माझ्याकडे. "तुम्ही घरातल्या ना? कोण बरोबर बोलतंय?"

महेश माझ्याकडे बघत होता. तीस वर्षांची ओळख, त्याला बोलायची गरज नव्हती. पण मी त्याच्याकडे बघत नव्हते, कारण भागीबाई माझ्याकडे बघत होती. आबा बोलले, साहेब बोलले, सगळी खोली आबांकडे बघत होती, आणि ती मात्र आबांचं पहिलं वाक्य संपल्यापासून माझ्याकडे. तिच्या तोंडावर राग नव्हता. कोणीतरी अजून काहीतरी सांगेल आणि सगळं परत नीट बसेल, अशी वाट बघत होती ती.

"आबा बरोबर बोलतायत," मी म्हटलं. "एकोणीस वर्षं आमच्यातच आहे. आम्हीच हलवायचो."

"जबाबावर सही कराल?"

"करते."

सही केली. अक्षर नीट आलं. महेश खुर्ची सरकवून बाहेर गेला. आबांना काय झालं ते अजून कळलं नव्हतं. ते शेजारच्या माणसाला विचारत होते, "मग हिचा हक्क नाय ना?" साहेबांनी शेरा लिहिला आणि मोठ्याने वाचून दाखवला. अर्जदार सलग तीन वर्षांपेक्षा जास्त काळ संपादित गटातील रहिवासी असल्याचे सिद्ध. पात्र. मोबदल्याशी या आदेशाचा संबंध नाही, असंही त्यांनी खाली लिहिलं. महेश ते ऐकायला थांबला नव्हता. योगिनीने भागीबाईचा हात दाबला आणि म्हणाली, "झालं मावशी. आता फोटो आणि सही, की तुमची खोली नक्की." भागीबाईने मान हलवली.

बाहेर व्हरांड्यात लोखंडी बाकडी होती. फोटोवाल्याकडे रांग होती म्हणून ती तिथे बसली. मी तिच्याजवळ जाऊन उभी राहिले. बसावं की नाही कळेना.

तीच बोलली. "म्हंजी म्हसोबाचं काय नव्हतं."

"नव्हतं," मी म्हटलं. "मी सांगितलेलं ते. तुला वाईट वाटू नये म्हणून."

ती समोरच्या भिंतीवरची नोटीस बघत होती. तिला वाचता येत नाही. मग म्हणाली, "निकिताच्या वेळंला पण?"

ही गोष्ट मी आतापर्यंत सांगितली नाही, ती मुद्दाम. निकिता झाली ती आखाजीच्या आठ दिवस आधी. वैशाखाचं ऊन, ताडपत्रीखाली भाजून निघत होतं. मी आबांना म्हटलं, यंदा राहू द्या, ओली बाळंतीण आहे. ते म्हणाले, एक साल चुकलं की संपलं. मी पहिल्यांदा त्यांच्याशी भांडले आणि हरले. मग भागीबाईला म्हटलं, तू उठू नको, सोमा आणि मी मिळून हलवू. ती म्हणाली, "नको वहिनी. देवाचं हाय. दुसऱ्याच्या हातनं करून पोरीवर काय आलं तर?" आणि उठली. सीताफळीला झोळी बांधून त्यात आठ दिवसांची पोर ठेवली आणि स्वतः बांबू उपटले. दुपारपर्यंत तिच्या पायांवरून रक्ताची धार लागली होती, पदराने पुशीत होती आणि दगड वाहत होती. मी तिथे होते. तेव्हा एक वाक्य बोलले असते तर पुरलं असतं. की अगं बाई, देव नाही, आबा आहेत. पण त्यासाठी मी खोटं बोलले होते हे कबूल करावं लागलं असतं. तिला पाणी दिलं, पोरीला सावलीत धरलं आणि गप्प बसले. त्याची लाज मला आजही वाटते, आणि वाटायलाच पाहिजे.

"तेव्हाही नव्हतं," मी म्हटलं.

तिने मान खाली घातली. रडेल असं वाटलं, पण रडली नाही. हाताच्या बोटांवर काहीतरी मोजत होती.

"नारळ मी माझ्या पैशानं आणायची," ती म्हणाली. "सोमा म्हणायचा, अर्धाच आण. मी म्हणायची, देवाला अर्धं चालंल का."

आतून शिपायाने तिचं नाव पुकारलं. तिने लुगड्याचा पदर सारखा केला, पिशवी उचलली. मी म्हटलं, "थांब, मी येते आत. फॉर्म भरून देते."

"नको मालकीणबाई," ती म्हणाली. "ती पोरगी हाय आत. ती भरंल."

एकोणीस वर्षांत तिने मला वहिनीशिवाय दुसरी हाक मारली नव्हती.